कविराज मरतात

नायक कविता म्हणत मेला, पडदा पडला आणि प्रेक्षकांतून आरोळी उठली, "वन्स मोअर!" पडदा पुन्हा वर गेला. नायक पुन्हा कविता म्हणून मेला.

विंगेत नाटककार दिगंबरपंत चरफडत होते. जन्मभर केलेल्या कविता कुणी वाचल्या नाहीत, म्हणून त्यांनी त्या नाटकात घातल्या. आज सिनेमाचा निर्माता पहिल्या रांगेत बसलेला, आणि त्यांच्या शोकांतिकेची अशी जत्रा झालेली!

तिसऱ्यांदा मरून नायक विंगेत आला. "कविराज, माझा घसा बसला. आता तुम्हीच मरा." त्यानं रक्ताळलेला अंगरखा पंतांच्या अंगात चढवला आणि त्यांना रंगमंचावर ढकललं.

पंतांनी कविता म्हटली. स्वतःच्याच ओळींनी ते भारावले आणि धाडकन कोसळले. प्रेक्षक खुर्च्यांतून उठून पाहू लागले.

तेवढ्यात त्यांची बायको प्रेक्षकांतून धावत वर आली. "अहो, उठा ना! खरंच गेलात की काय?" प्रेक्षक हुंदके देऊ लागले. "हा सीन सिनेमात जसाच्या तसा घ्यायचा!" निर्माता ओरडला.

पंतांनी एक डोळा किलकिला केला. "कविता कशी वाटली गं?"

"छान होती," ती डोळे पुसत म्हणाली. "पण पुन्हा म्हणू नका."