तीन आणि दोन

बहिणीचं लग्न झालं त्या वर्षी, लग्नाला आठ दिवस उरलेले असताना, थोरला भाऊ नदीवर अंघोळीला गेला तो परत आला नाही. सुतार हे डॉक्टरबाईंना विसाव्यांदा तरी सांगत होता. तो बाकावर उताणा, बाई त्याच्या डोक्यामागे खुर्चीवर. तोंड दिसू द्यायचं नाही, मनात येईल ते बोलू द्यायचं, ही त्यांच्या उपचाराची रीत.

"बाई, तुमचं काम बरं आहे. बसल्या जागी दुसऱ्याचं ऐकायचं."

"आणि तुमचं?"

"माझंही बरंच होतं. दारं बसवायचो. मग दारं काढायला लागलो आणि इथं आलो."

ते खरंच होतं. बाप वारल्यावर त्याला लाकडातून ठोके ऐकू यायला लागले. तीन, मग थांबून दोन. थोरला आत अडकलाय, त्याला सोडवायचं, म्हणून त्यानं आधी स्वतःच्या घराची दारं उखडली, मग शेजाऱ्यांची. चौथ्या घरी लोकांनी धरला.

इस्पितळात खाट लोखंडी, दार लोखंडी. लाकूड नावाला नाही. पहिले काही महिने शांत गेले. मग ठोके उशाच्या भिंतीतून यायला लागले. त्याला आता चार वर्षं झाली होती.

"तीन आणि दोन म्हणजे काय?" बाईंनी विचारलं.

"मोठा ओंडका दोघांनी कापायचा. एक वर उभा, एक खाली खड्ड्यात. मधे लाकूड, एकमेकांचं तोंड दिसत नाही. वरच्यानं तीन आणि दोन ठोकले की, 'आहेस ना?' खालच्यानं दोन ठोकायचे. 'आहे.' मग करवत ओढायची."

"खाली कोण असायचं?"

"मी. धाकटा नेहमी खाली. सगळा भुसा डोळ्यांत."

"आणि थोरला गेल्यावर?"

सुतारानं भुसा गेल्यासारखे डोळे चोळले.

"मी वर चढलो."

मागे पेन्सिल कागदावरून फिरल्याचा आवाज आला.

बाकीचे डॉक्टर सुई टोचून मोकळे व्हायचे. बाईंचं म्हणणं वेगळं होतं. वेडात माणूस जे बोलतो त्यालाही अर्थ असतो, तो हाताला लागला की माणूस सुटतो. भिंतीपलीकडे कोण आहे, असं त्या कधी विचारत नसत. कोण असावंसं वाटतं, असं विचारत.

सुतारानं एकदा रखवालदाराला विचारून पाहिलं होतं. "पलीकडे काय आहे रे?"

"भिंतीची दुसरी बाजू," रखवालदार म्हणाला आणि स्वतःच्याच विनोदावर हसत त्यानं कुलूप लावलं.

बहीण महिन्यातून एकदा यायची. "दादा, तुझ्या घरात मांजरांनी संसार थाटलाय. दारं तू काढलीस, बसवायचीही तूच. कधी येतोस सांग." पण आवाज थांबल्याशिवाय सुटकेच्या कागदावर सही करणार नाही, असं मोठ्या डॉक्टरांनी बजावलं होतं. त्या सहीसाठी सुताराचा जीव टांगणीला लागला होता.

"त्या वर्षी थोरला कसा वागत होता?" बाईंनी एके दिवशी विचारलं.

"बिघडला होता जरा. फळी नसतानाच रंधा मारत बसायचा, स्वतःशी बोलायचा. सोयरे बघतील म्हणून बापाचा जीव वरखाली. मलाही वाटायचं, हा नसता तर बरं."

"आणि मग तो नव्हताच."

"बाप एकटाच शोधायला गेला. दोन दिवसांनी आला. म्हणाला, नदीनं नेलं, आता त्याचं नाव काढायचं नाही. लग्न ठरल्या दिवशीच झालं."

"मग भिंतीवर ठोकतंय कोण?"

बाकाखालची फरशी गार होती. सुतारानं तिला हात टेकवला, काढला.

"मीच," तो म्हणाला. "मीच ठोकतोय. माझ्या डोक्यात."

"आजवर तुम्ही उत्तर देत होता. आता देऊ नका."

पहिला आठवडा जिवावरचा गेला. तीन आणि दोन, तीन आणि दोन, दिवसातून वीसवीसदा. सुतार हात मांडीखाली दाबून बसायचा. ओठ चावून ओठाला जखम झाली, पण त्यानं भिंतीला बोट लावलं नाही.

तिसऱ्या आठवड्यात तो म्हणाला, "मंद झालाय, बाई."

"छान."

त्या हसल्याचं त्याला पाठमोऱ्यानंही कळलं.

पुढे तीनच ठोके यायला लागले, दोन येईनात. मग मंगळवारी दुपारी चारच्या चहाला एकच ठोका आला. सुतार कप हातात धरून पुढच्या ठोक्याची वाट बघत बसला. चहावर साय धरली. बुधवारी काही नाही. गुरुवारी काही नाही. शुक्रवारी मोठ्या डॉक्टरांनी सही केली. बाई पहिल्यांदाच खुर्चीवरून उठून समोर आल्या.

"तुम्हीच स्वतःला सोडवलंत," त्या म्हणाल्या. त्यांचे डोळे भरले होते.

शनिवारी बहीण न्यायला आली. कचेरीत कारकुनानं दोन रजिस्टरं काढली.

"दोन सह्या लागतील."

"सुटणारा मी एकटाच आहे, साहेब."

"एक तुमच्या सुटकेची. दुसरी मागच्या बंद वॉर्डाची. तुमच्या ओळीला पाठ लावून आहे ना, दार पलीकडच्या रस्त्याला, तो. आडनाव तेच, गाव तेच. चार दिवस नातेवाईक शोधतोय. बघा, तुमच्यातलाच आहे का."

त्यानं रजिस्टर फिरवून समोर ठेवलं. दाखल केल्याची तारीख बहिणीच्या लग्नाच्या आठ दिवस आधीची होती. शेजारी बापाची वाकडी सही. आणि त्याखाली, ताज्या शाईत लिहिलं होतं, की थोरला भाऊ मंगळवारी दुपारी चार वाजता वारला.