चुलीमागची लेक

होऊ घातलेल्या धरणात गाव बुडणार होतं, म्हणून सरकारी माणसं ठकूबाईच्या परसात जुनं काय सापडतंय ते खणत होती. ओट्यावरून ठकूबाईच्या तोंडाचा पट्टा सुरूच होता. "हळू रे मुडद्यांनो! बुडायच्या आधीच घर पाडता काय?"

एवढ्यात तोंडाला तोंड लावलेली दोन मडकी निघाली. आत तान्ह्या बाळाची हाडं.

"तीन हजार वर्षांपूर्वी कुण्या आईनं घरातच पुरलंय, आजी," खोदकामावरच्या निमकरबाई हरखून म्हणाल्या. "पाणी यायच्या आत संग्रहालयात नेऊ."

ठकूबाईचा पट्टा तिथंच थांबला. तिची पहिली लेक चुलीमागं जमिनीत निजली होती. तान्हं मूल घराबाहेर पुरायचं नाही, ही त्यांच्याकडची रीत. स्वयंपाक करता करता ती अजून तिच्याशी बोलायची.

"मग माझीबी न्या. चुलीमागं हाय."

निमकरबाईंनी नजर वळवली. "इतकं अलीकडचं आम्हाला नेता येत नाही, आजी."

"अलीकडचं?" ठकूबाई फणकारली. "तिच्यामागं माझं डोस्कं पांढरं झालं!"

ती कुदळ घेऊन स्वतःच आत गेली. सारवलेल्या जमिनीवर घाव घालवेना. शेवटी ओणवून हलक्या आवाजात म्हणाली,

"ऊठ गं बये. पाणी येतंय."