दुखवट्याची कॉफी

मांडव हाजी खलफच्या दारात होता, पण घातला होता इस्मतसाहेबांनी. खुर्च्या त्यांच्या, कुराण पढणारा कारी त्यांनी बोलावलेला, फोटोवालाही त्यांचाच. आणि ज्या जागी गेलेल्या पोराच्या बापानं उभं राहून लोकांचे हात हातात घ्यायचे, तिथं साखर कारखान्याचे हे मोठे साहेब काळा चष्मा लावून स्वतः उभे. लाज नावाची चीज या माणसाला कुणी दाखवलीच नव्हती.

"जाबिर मला मुलासारखा होता हो," येईल त्याला ते ऐकवत होते. "माझी झोप उडालीय. डॉक्टर म्हणतात, साहेब, आधी स्वतःला जपा."

लोक माना हलवत होते. काय करतील? सगळ्यांच्याच नोकऱ्या त्यांच्या हातात. जाबिर जिवंत होता तेव्हा साहेबांनी त्याला कधी नावानं हाक मारली नाही, आता मेल्या म्हशीला मणभर दूध! बॉयलरचा व्हॉल्व्ह गळतोय, गाळप थांबवा, म्हणून हाच जाबिर त्यांच्या केबिनच्या दारात रडकुंडीला आला होता. पण त्या दिवशी मंत्री यायचे होते आणि चिमणीतून धूर दिसायला हवा होता. साहेबांनी त्यालाच व्हॉल्व्ह आवळायला पाठवलं. वाफेनं असा काही भाजला की आईलासुद्धा ओळखू आला नाही.

जाबिरचा बाप हाजी खलफ अजून उंबऱ्याच्या आतच बसून होता. त्यानं बाहेर यावं म्हणून तर हा सगळा घाट. नाईलच्या या वरच्या अंगाला, आम्हा सईदी लोकांत, ज्या घरच्या माणसाचा खून झाला तिथं दुखवटा घेत नाहीत. रक्ताचा हिशेब होईपर्यंत मांडव नाही, कॉफी नाही, बायकांनी मोठ्यानं रडायचंसुद्धा नाही. पण बापानं एकदा का हात पुढे केला, की मरण देवाच्या मर्जीनं आलं असं ठरलं. मग कुणाकडे बोट दाखवायचं नाही. साहेब मूळचे कैरोचे, तरी ही रीत त्यांना बरोबर पाठ होती. पहिल्या रांगेत बसलेला पोलीस अधिकारीही त्याचीच वाट बघत होता. हाजीनं अजून काही ठरवलं नव्हतं, म्हणून गच्चीवर बायकांचा आक्रोश चालू होता.

शेवटी साहेब उंबऱ्यापाशी गेले.

"हाजीबाबा, मी सकाळपासून उन्हात उभा आहे आणि तुम्ही आत सावलीत. लोक मला काय म्हणतील?"



साहेबांनी आवाज खाली आणला. "फराग कारखान्यातच आहे ना अजून? एक पोरगा गेला, दुसऱ्याचं तरी बघा. मी माणूस वाईट नाही. पण माझं मन दुखावलं की मी कुणाचा नसतो."

फराग दाराआडून सगळं ऐकत होता. "बाबा, नका जाऊ," तो म्हणाला.

म्हाताऱ्यानं त्याच्याकडे पाहिलं आणि गुडघ्यावर हात टेकून उठला. गेलेला काही परत येणार नव्हता, राहिलेल्याला जगवायचं होतं.

हाजी बाहेर आला. साहेबांनी त्याला आपल्या शेजारी बसवलं, खांद्यावर हात टाकला. कॉफी आली. दुखवट्याची, काळी, बिनसाखरेची. साहेबांनी एक घोट घेतला आणि तोंड वाकडं केलं.

"शी! कॉफी आहे का काढा?" त्यांनी ड्रायव्हरला हाक मारली. "गाडीतला साखरेचा डबा आण रे."

ड्रायव्हर जागचा हलेना. "साहेब, ही... ही कडूच पितात."

"साखरेचा कारखाना चालवतो मी, आणि मलाच मेली चमचाभर साखर मिळू नये?" साहेब हसले. सवयीनं दोन-चार जण हसलेसुद्धा, शरम वाटली त्यांना नंतर.

डबा आला. साहेबांनी साखर घातली, ढवळायला लागले. "हं, आता कशी! चला हाजीबाबा, द्या हात. फोटोवाल्या, इकडून घे रे, मी या बाजूनं बरा दिसतो."

हाजीचा हात अर्ध्यावर आला होता. तिथंच थांबला. तो साहेबांच्या कपाकडे बघत राहिला. मग त्यानं तो हात मागे घेतला, आपला कप उचलला आणि सगळी कॉफी पायाशी मातीत ओतली.

"गोड कॉफी आम्ही लग्नात पितो, साहेब."

"अहो, एवढ्याशा गोष्टीचं काय घेऊन बसलात?"

हाजीनं दाराकडे तोंड केलं. "फराग, खुर्च्या उचल. या घरात दुखवटा नाही."

पोलीस अधिकारी ताडकन उठला. कारी पढता पढता थांबला. साहेब एकदा याच्याकडे, एकदा त्याच्याकडे बघू लागले. "बघितलंत? एवढं केलं मी यांच्यासाठी! हा मांडव कुणाचा? आणि अपमान माझाच?"

माणसं उठत होती, खुर्च्या मिटत होत्या. साहेबांकडे कुणी ढुंकून बघत नव्हतं.

वर गच्चीवर जाबिरच्या आईला निरोप पोचला असावा. तिचं रडणं मधेच तुटलं. तिच्यापाठोपाठ बाकीच्या बायकाही गप्प झाल्या.

त्या शांततेत एकच आवाज राहिला, कपात चमचा वाजल्याचा. साखर केव्हाच विरघळली होती, पण साहेबांचा हात काही थांबत नव्हता.