खूप जास्त

हॉस्पिटलचा सगळा डेटा क्लाउडवर नेताना त्याने रक्तातल्या साखरेचा कॉलम फक्त आकड्यांचा ठेवला. पण साखर मशीनच्या आवाक्याबाहेर गेली, की लॅबवाले आकड्याऐवजी ‘खूप जास्त’ असं लिहायचे. तिथे डेटातून नावं शोधणारी क्वेरी अडायची. त्याने ते शब्द पुसून रकाने रिकामे केले. धोक्यातल्या पेशंटना फोन करायची यादी झटक्यात निघाली. साहेब खूश झाले.

त्याच आठवड्यात मावशी गेली.

"एवढा त्रास होत होता, तर दवाखान्यात का नाही नेलंस?" तो मावसभावावर ओरडला.

"तीच ऐकेना रे. म्हणाली, परवाच त्याच्या हॉस्पिटलात रक्त तपासलंय. काही वाईट असतं तर फोन आला असता. आपल्या पोरानं बसवलंय ते सगळं, चुकायचं नाही."