अवमानाचा अर्ज

"पूल झाला की नाही, एवढंच सांगा."

न्यायाधीशांचा आवाज चढला नव्हता. म्हणूनच इंजिनीअर बाईंच्या कपाळावर घाम आला होता.

"नाही साहेब, झाला नाही."

"आमचा आदेश कधीचा?"

"दोन वर्षांपूर्वीचा."

मागच्या बाकावर अर्जदार चुळबुळ करत होते. ते गावचे न्हावी. सगळे त्यांना कात्रीकाका म्हणत. ओढ्याच्या अलीकडे त्यांचं घर, पलीकडे दुकान आणि नातीची शाळा. पाणी आलं की नातीला पाठंगुळीला घेऊन ते ओढा ओलांडायचे. एकदा पाय घसरला. दोघं वाहून जाता जाता वाचली. त्याच आठवड्यात काकांनी कोर्ट गाठलं आणि पुलाचा खटला जिंकलासुद्धा. तेव्हा नात दुसरीत होती. आता ती चौथीत गेली, चांगली जड झाली, आणि काकांची कंबर मात्र खचत चालली. पुलाचा पत्ता नव्हता. शेवटी त्यांनी अवमानाचा अर्ज लावला. कोर्टाने सांगूनही सरकार ऐकत नाही, म्हणजे हा कोर्टाचाच अपमान झाला! अर्जात दोन नावं होती: त्या भागाच्या इंजिनीअर बाई, आणि राजधानीत बसणारे खात्याचे सचिव.

सचिवसाहेब पहिल्या रांगेत बसून घड्याळ बघत होते. आपल्याला इथे नुसतं शोभेला बोलावलंय, अशी त्यांची समजूत होती.

"आदेश पाळला नाही तर तुरुंगात धाडता येतं, ठाऊक आहे ना?" न्यायाधीशांनी बाईंना विचारलं.

काका बाकावरून पुढे सरकले. आपल्या लेकीच्या वयाची पोर. हिला आपण आत घालणार? ते उठायच्या बेतात होते, तेवढ्यात वकिलाने सदरा ओढून त्यांना खाली बसवलं.

"ठाऊक आहे," बाई म्हणाल्या. "माझं काही म्हणणं नाही. फक्त ही पत्रं तेवढी पाहावीत."

अकरा पत्रं निघाली. सगळी सचिवांना. नकाशा तयार, जागा तयार, ठेकेदार तयार. हवी फक्त आपली मंजुरी. पहिल्या पत्रात 'विनंती' होती, सातव्यात 'कळकळीची विनंती', अकराव्यात तर बाईंनी हातच जोडले होते. उत्तर एकाचंही नव्हतं.

न्यायाधीशांनी सावकाश चष्मा पुसला. "सचिवसाहेब, पुढे या."

साहेब उभे राहिले. "प्रकरण विचाराधीन आहे."

"दोन वर्षं? अहो, पूल बांधायचाय की महाकाव्य लिहायचंय?"

सगळे हसले. न्यायाधीश हसले नाहीत. "जेवणाच्या सुट्टीनंतर मी परत बसेन. तोवर मंजुरी इथे आली तर ठीक. नाही आली, तर आजचा मुक्काम कुठे ते मी ठरवीन. तुमचा. बाईंचा नव्हे."

सचिवसाहेबांनी व्हरांड्यातल्या बाकावर बसून, मांडीवर फाइल ठेवून सही केली. पेनही त्यांनी बाईंकडूनच मागून घेतलं. दोन वर्षं अडलेलं काम दोन मिनिटांत झालं. सोमवारपासून काम सुरू, असं कोर्टाने नोंदवून घेतलं.

बाहेर पायऱ्यांवर काकांनी बाईंना गाठलं.

"बाई, माफ करा. तुमच्यावर अर्ज लावला, तेव्हापासून जिवाला चैन नव्हतं."

"अहो काका, पूल होतोय ना? मग झालं तर!" बाईंचा चेहरा खुलला होता.

"खरं सांगू? ही अक्कल माझी नव्हेच." काकांनी खिशातून घडी घातलेला कागद काढला. "हे निनावी पत्र आलं घरी. अवमानाचा अर्ज करा, इंजिनीअर बाईंबरोबर सचिवांचंही नाव घाला, मुळीच कचरू नका. सगळं लिहिलंय. ज्याने लिहिलं त्याचं भलं होवो. पण अक्षर बघा हो! कोंबडी नाचून गेल्यासारखं. वाचता वाचता डोळे फुटायची पाळी."

बाईंनी कागदावर नजर टाकली. आजूबाजूला कुणी नाही ना, ते पाहिलं.

"डाव्या हाताने लिहिलं की असंच येतं हो, काका."