भाल्याची पकड

रविवारचं जेवण आटोपलं, की लॅम्प्टन मालक पाहुण्यांपुढे आपल्या गुलामाला, टोबायसला, भिंतीवरचा भाला काढायला लावत. आजही लावला.

"टोबायस, दाखव रे तुझी मर्दुमकी!"

टोबायस भाला घेऊन दिवाणखान्याच्या मधोमध उभा राहिला. पातं खाली, दांडा बगलेत, जसा काही गवत उचलायलाच निघालाय. पाहुण्यांची हसून हसून पुरेवाट झाली.

"आणि असल्या गुलामांना सोडवायला तो माथेफिरू कप्तान बंदुका घेऊन आला होता!" मालक म्हणाले. "आम्हाला कोंडलं, आणि या बिचाऱ्याला ओढत नेऊन, हाच भाला हातात देऊन पहाऱ्याला उभं केलं. काय रे?"

"होय मालक. ओढतच नेलं."

एका बाईंनी विचारलं, "तुला नको होतं का रे स्वातंत्र्य?"

"काय करायचंय, बाईसाहेब? मोकळं व्हायचं तर उत्तरेत जावं लागतं, आणि तिथं थंडी फार."

पुन्हा हशा. टोबायसही हसला. मग भांडी उचलून अंगणापलीकडच्या स्वयंपाकघरात आला. त्याची बायको केझाया कढई घासत होती.

"झाला तमाशा?" तिनं वर न बघताच विचारलं.

"त्याच तमाशानं जीव वाचलाय माझा."

खरं काय ते तिला ठाऊक होतं. तो आपल्या पायांनी गेला होता. कप्तानानं स्वतः त्याला भाल्याची पकड शिकवली होती. मालकाच्या बंद दाराबाहेर तो दीड दिवस उभा होता. पकड एकदाही ढिली पडली नव्हती. फौजेनं बंड मोडलं, दार उघडलं, तेव्हा मालकानं सगळ्यांदेखत विचारलं, "तुला जबरदस्तीनं नेलं ना?" टोबायसनं कप्तानाकडे पाहिलं. जखमी होऊन पडलेला कप्तानच म्हणाला, "हो. मीच जबरदस्ती केली." टोबायसनं नुसती मान डोलावली. कप्तान महिन्याभरात फासावर गेला.

त्या मान डोलावण्याची त्याला अजून लाज वाटत होती.

केझायानं हात पुसले. भट्टीतून पाव काढायचं लांब दांड्याचं फावडं त्याच्यापुढे धरलं.

"आता मला दाखव. खरं कसं धरलं होतंस ते. एकदाच."

त्यानं दाराकडे पाहिलं. कुणी नव्हतं. पाय रोवून त्यानं फावडं उचललं. मग पकड बदलली. पुन्हा बदलली.

"थांब हं," तो म्हणाला. "जमेल."

दर वेळी दांडा आपसूक बगलेतच जात होता.