खर्ड्याच्या बुरुजावरची चाल

टेपरेकॉर्डर सुरू झाला तेव्हा भिमाजी त्या जपानी माणसाच्या मागं हातभर अंतरावर उभा होता. खर्ड्याच्या किल्ल्याचा बुरूज. पुढचा कठडा ढासळलेला, खाली खोलवर दगडांचा खच. एक धक्का पुरला असता. सकाळपासून भिमाजीच्या मनात दुसरं काही नव्हतं.

बहात्तरच्या दुष्काळावर चित्रपट काढायला ही जपानी मंडळी आली होती. त्यांचा संगीतकार मोरिता गावोगावची गाणी ऐकत हिंडत होता. त्याच्या देशात त्याचं मोठं नाव होतं म्हणे. किल्ला दाखवायला गावानं भिमाजीला दिलं. निघताना मोरिताची बोटं जीपच्या बॉनेटवर ठेका धरू लागली आणि भिमाजीनं त्याला निरखून पाहिलं. मग डाव्या कानाची तुटकी पाळी दिसली. शंकाच उरली नाही.

सिंगापूर पडलं तेव्हा इंग्रजांच्या फौजेतले भिमाजी आणि त्याच्याच गावचा सहादेव जपान्यांच्या कैदेत सापडले होते. आजारी सोबत्यासाठी मूठभर तांदूळ चोरला म्हणून सहादेवला भर उन्हात खांबाला बांधलं. पहाऱ्यावर हाच मोरिता होता, तेव्हाचा तुटक्या पाळीचा कोवळा शिपाई. सहादेवचा जीव जाईपर्यंत तो समोर बसून राहिला, बंदुकीच्या दस्त्यावर बोटं वाजवत. भिमाजी छपराच्या फटीतून बघत होता. ती बोटं त्यानं कधी माफ केली नव्हती.

टेपमधून व्हायोलिनवर एक चाल आली आणि भिमाजीचा पुढं गेलेला हात थांबला. ही चाल त्यानं शेवटची त्या खांबाकडून, सहादेवच्या तोंडून ऐकली होती.

"साहेब म्हणतात, लढाईत एका हिंदी कैद्याच्या तोंडून त्यांनी ही ऐकली," मुंबईहून आलेला दुभाषा राधाकृष्ण सांगू लागला. "त्याला सोडवायची हिंमत झाली नाही, पण चाल काही विसरता आली नाही. पहिल्या चित्रपटाला त्यांनी हीच दिली आणि नाव झालं. पुढच्या प्रत्येक चित्रपटात ती कुठे ना कुठे आहेच. ते विचारतात, या गाण्याचे शब्द तुम्हाला ठाऊक आहेत का?"

मोरिता मान झुकवून उभा होता. त्यानं भिमाजीला ओळखलं नव्हतं. भिमाजीनं ढासळलेल्या कठड्याकडं पाहिलं, मग मोरिताच्या तोंडाकडं. धक्का दिला तर हा एका क्षणात सुटणार होता.

"त्यांना सांगा, हे गानंच न्हाई," तो सावकाश म्हणाला. "मी हुतो तिथं. तो पानी मागत हुता. ह्यांच्याकडं."

राधाकृष्ण अडखळला. "असंच सांगू?"

"असंच सांगा."

राधाकृष्णनं सांगितलं. मोरितानं पुन्हा एकदा विचारलं, भिमाजीनं मान डोलावली. मग मोरितानं रीळ काढलं, फीत ओढून सगळी मोकळी केली आणि वाऱ्यावर सोडून दिली. यापुढं कुठल्याच चित्रपटाला संगीत देणार नाही, एवढंच तो राधाकृष्णला बोलला आणि जीपकडं निघून गेला.

भिमाजी ताठ मानेनं किल्ला उतरला. कित्येक वर्षांत छाती अशी हलकी झाली नव्हती.

खाली दुष्काळी कामावर बाया खडी फोडायला होत्या. जेवणाची सुट्टी झाली होती. सहादेवची म्हातारी आई, गोजरबाई, भाकरी तशीच मांडीवर ठेवून बुरुजाकडं कान लावून बसली होती.

"भिमा, माझी जात्यावरची ओवी कोन वाजवत हुतं रं वर?" तिनं विचारलं. "सहादेवाला लई आवडायची. येकडाव परत लावाया सांग की."

"फीत तुटली, मावशे," भिमाजी म्हणाला. त्याला तिच्याकडं बघवेना.

त्या खांबाला बांधलेल्या सहादेवनं शेवटपर्यंत कुणापुढं पाण्याचं नावसुद्धा काढलं नव्हतं.